बेळगावच्या माणसाचा वंश कोणता?

1901 च्या जनगणनेचे आयुक्त हर्बर्ट रिस्ली यांनी हिंदुस्थानातल्या माणसांची सात वांशिक गटांत वाटणी केली. गुजरातपासून थेट कूर्गपर्यंतचा पश्चिमेकडचा लांबलचक पट्टा त्यांनी ‘शक-द्रविड’ ठरवला. मराठी ब्राह्मण, कुणबी आणि कूर्गी हे सगळे या एकाच खान्यात बसले. त्यांची डोकी मापात रुंद भरली, तेव्हा मध्य आशियातले शक कधीकाळी इथे येऊन द्रविडांत मिसळले असणार, असा तो तर्क होता. शक एवढ्या दक्षिणेला एवढ्या संख्येने उतरल्याचा पुरावा त्यांच्यापाशी नव्हता. बेळगाव, खानापूर, निपाणी हा आपला मुलूख त्या पट्ट्याच्या वाटेवरच पडतो, म्हणजे सरकारी दप्तरात आपल्या पणजोबांचा वंशही असाच ठरला.

रिस्लींचा सगळ्यात जास्त भरवसा होता नाकावर. नाकपुड्यांपाशी नाकाची रुंदी मोजायची, तिला उंचीने भागायचं आणि शंभराने गुणायचं. आलेला आकडा म्हणजे नासिकांक. 70 च्या खाली अरुंद नाक, 70 ते 85 मध्यम, 85 च्या वर रुंद. आता प्रत्यक्ष हिशेब करून पाहू. नाकाची उंची 48 मिलिमीटर आणि रुंदी 36 असेल तर नासिकांक 75, म्हणजे मध्यम. रुंदी 33 असेल तर 69, की झालं अरुंद. रुंदी 42 असेल तर 87 च्या पुढे, म्हणजे रुंद. अरुंद नाकाच्या ‘आर्य’ टोकापासून रुंद नाकाच्या ‘द्रविड’ टोकापर्यंतचं अंतर नऊ मिलिमीटर! एका आईच्या पोटच्या दोन भावांची नाकंही सारखी नसतात. तरीही नाक जितकं रुंद तितकी जात खालची, असा नियम रिस्लींनी मांडला. जातींची उतरंड समाजात आधीच होती, पट्टी मागाहून आली आणि तिने त्या उतरंडीवर विज्ञानाचा शिक्का मारला.

हे खूळ एकट्या रिस्लींचं नव्हतं. 1735 मध्ये लिनियस या स्वीडिश शास्त्रज्ञाने माणसाचे चार प्रकार केले, आणि 1758 च्या आवृत्तीत प्रत्येकाला स्वभावही चिकटवला: युरोपीय हुशार, आफ्रिकी आळशी, वगैरे. अठराव्या शतकाच्या अखेरीस जर्मन वैद्य ब्लूमेनबाख यांनी पाच प्रकार केले. जॉर्जियातल्या एका बाईची कवटी त्यांना सगळ्यांत सुंदर वाटली, म्हणून गोऱ्या लोकांचं नाव ‘कॉकेशियन’. 1871 मध्ये डार्विनने अशा विद्वानांची यादीच दिली. कोणी वंश दोन मानत होता, कोणी चार, कोणी पाच, कोणी बावीस, तर कोणी त्रेसष्ट. माणसांचे नैसर्गिक कप्पे खरोखर असते, तर एवढ्या जाणत्या लोकांची मोजणी दोनपासून त्रेसष्टपर्यंत भरकटली नसती. डार्विनने नेमकं हेच म्हटलं होतं: हे प्रकार एकमेकांत विरघळत जातात, त्यांच्यामध्ये स्पष्ट रेघ सापडत नाही.

आपल्याकडे या कल्पनेने भाषेचा रस्ता धरला. संस्कृत आणि युरोपातल्या भाषा एका कुळातल्या आहेत आणि कन्नड, तमिळ, तेलुगू, मल्याळम दुसऱ्या कुळातल्या, हा भाषाशास्त्राचा पक्का शोध. पण भाषाकुळाचं रक्तकुळ कधी झालं, हे कोणाच्या लक्षातही आलं नाही. संस्कृतचे जर्मन पंडित मॅक्स म्युलर यांनी 1888 मध्ये लिहून ठेवलं की आर्य रक्त, आर्य डोळे असं बोलणारा माणूस लांब डोक्याचा शब्दकोश म्हणणाऱ्याइतकाच चुकतो. तोवर फार उशीर झाला होता. महात्मा फुले यांनी 1873 मध्ये हाच आर्य-आक्रमणाचा सिद्धांत उलटा फिरवून ब्राह्मणी वर्चस्वावर चालवला, तर टिळकांनी 1903 मध्ये आर्यांचं मूळ घर उत्तर ध्रुवाकडे नेलं. दोघांच्या हेतूंत जमीन-अस्मानाचा फरक, पण आर्य नावाचा एक वेगळा लोकसमूह दोघांनीही धरून चाललेला.

‘मराठी म्हणजे आर्य, कानडी म्हणजे द्रविड’ हे वाक्य सीमाभागातल्या वादात अजूनही अधूनमधून ऐकू येतं. मला ते ऐकून मनापासून वाईट वाटतं, कारण ते किती पोकळ आहे हे इथल्याइतकं दुसरीकडे कुठे उघड दिसत नाही. दोन भाषाकुळांची सीमा आपल्या गल्लीतून जाते. एकाच घरात आजी कानडी, आजोबा मराठी आणि सून दोन्ही बोलणारी, असं हजारो घरांत आहे. सौंदत्तीच्या यल्लम्माच्या डोंगरावर माघी पौर्णिमेला कोल्हापूर-सांगलीच्या गाड्या आणि धारवाड-विजापूरच्या गाड्या एकाच तळावर लागतात.

याहून बोलका पुरावा लग्नसंबंधांचा आहे. उत्तर हिंदुस्थानात मामाच्या मुलीशी लग्न म्हणजे पाप. दक्षिणेत ते हक्काचं नातं. आपल्या मराठी घरांत? ‘मामाची पोरगी’ म्हटलं की अजूनही चेष्टा सुरू होते! भाषा उत्तरेच्या कुळातली आणि सोयरिकीची रीत दक्षिणेची. मानवशास्त्रज्ञ इरावती कर्वे यांनी 1953 च्या आपल्या नातेसंबंधांवरच्या ग्रंथात महाराष्ट्र याचमुळे मधल्या पट्ट्यात टाकला.

या इरावतीबाईंबद्दल थोडं थांबून सांगायला हवं. 1920 च्या दशकाच्या शेवटी त्या बर्लिनला डॉक्टरेटसाठी गेल्या. मार्गदर्शक होते ऑयगेन फिशर, त्या काळच्या जर्मन वंशशास्त्रातलं मोठं नाव. गोऱ्या माणसाची बुद्धी श्रेष्ठ, मेंदूची उजवी बाजू अधिक वाढलेली, म्हणून त्याची कवटी दोन्ही बाजूंनी सारखी नसणार आणि इतर वंशांची तुलनेने सारखी असणार, असा फिशर यांचा होरा होता. तो सिद्ध करायचं काम या तरुण मराठी विद्यार्थिनीवर आलं. समोर कवट्या ठेवलेल्या, त्यांत जर्मन वसाहतींतून आफ्रिकेतल्या माणसांच्या आणलेल्याही. बाईंनी दीडशेच्या आसपास कवट्या एकेक करून मोजल्या. दोन्ही बाजूंत थोडा फरक सगळ्याच कवट्यांत होता, युरोपीय असो वा आफ्रिकी. वंशाशी त्याचा काही संबंध दिसला नाही. आणि त्यांनी तसंच लिहून दिलं. परक्या देशात, गुरूच्या हातात आपली पदवी असताना, गुरूच्या आवडत्या सिद्धांताविरुद्ध आकडे ठेवायचे याला किती धैर्य लागलं असेल! हेच फिशर पुढे नाझी राजवटीत बर्लिन विद्यापीठाचे कुलगुरू झाले आणि मिश्र रक्ताच्या मुलांच्या सक्तीच्या नसबंदीत त्यांच्या ‘शास्त्राने’ हात दिला.

रिस्लींच्या नासिकांकाचा समाचारही मराठी माणसांनीच घेतला. मालवणात जन्मलेले समाजशास्त्रज्ञ गोविंद सदाशिव घुर्ये यांनी 1932 मध्ये तेच आकडे पुन्हा तपासले. नाक आणि जातीची उतरंड यांचा मेळ उत्तरेत गंगेच्या खोऱ्यात थोडाफार बसतो, महाराष्ट्रासकट इतरत्र बसत नाही, असं त्यांनी दाखवलं. डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी त्यापुढे पाऊल टाकलं. 1936 मध्ये त्यांनी स्पष्ट लिहिलं की जात ही वेगवेगळ्या वंशांची विभागणी नाही, एकाच वंशाच्या माणसांची सामाजिक विभागणी आहे. 1948 मध्ये अस्पृश्यतेच्या उगमावर लिहिताना ब्राह्मण आणि अस्पृश्य यांच्या नाकांची मापंच त्यांनी शेजारी-शेजारी मांडली आणि दोघे एकाच वंशाचे ठरतात हे सत्ताधाऱ्यांच्याच मोजपट्टीने दाखवून दिलं. फुल्यांनी विचारलेला अन्यायाचा प्रश्न त्यांनी जसाच्या तसा उचलला, फक्त त्यातला वंश बाजूला केला. माझ्या मते या सगळ्या इतिहासातली ही सर्वांत मोलाची चाल आहे.

पुढचं काम रक्ताच्या आणि डीएनएच्या तपासणीने केलं. 1972 मध्ये अमेरिकन जनुकशास्त्रज्ञ रिचर्ड लेवोन्टिन यांनी हिशेब मांडला: माणसामाणसांतल्या जनुकीय फरकांपैकी सुमारे 85 टक्के फरक एकाच लोकसमूहाच्या आत सापडतो, सुमारे 8 टक्के एकाच वंशातल्या समूहासमूहांत, आणि तथाकथित वंशावंशांत उरतो जेमतेम 6 टक्के. मग 2009 आणि 2013 मध्ये हैदराबादच्या सीसीएमबी या जीवशास्त्र संशोधन संस्थेच्या शास्त्रज्ञांनी अमेरिकन सहकाऱ्यांसोबत भारतीय समूहांचा डीएनए तपासला. उत्तरेकडून आलेले पूर्वज आणि दक्षिणेकडचे पूर्वज, दोन्हींचा वाटा जवळपास प्रत्येक समूहात निघाला, मग तो ब्राह्मण असो, दलित असो वा आदिवासी, मराठी असो वा कानडी. प्रमाण कमी-जास्त, शुद्ध कोणीच नाही. ही सरमिसळ साधारण 4200 ते 1900 वर्षांपूर्वीच्या काळात जोरात चालली आणि नंतर थांबत गेली. जातीतच लग्न करायची रीत घट्ट झाल्याची ही खूण. स्थलांतरं झाली हे खरंच आहे, ते नाकारण्यात अर्थ नाही. पण आलेला आणि आधीचा यांना आज वेगळं काढता येत नाही.

आता रंग. लग्नाच्या जाहिरातीत ज्यावर सगळं अडतं तो गोरेपणा पुष्कळसा थोड्या जनुकांच्या हातात असतो. एसएलसी24ए5 या जनुकातला उजळ कातडीचा एक बदल युरोपात जवळपास सगळ्यांत आहे आणि भारतातही भरपूर पसरलेला आहे. एका भावाला तो दोन्हीकडून मिळाला, दुसऱ्याला मिळाला नाही, की एक उजळ आणि एक सावळा. कातडीचा रंग मुळात उन्हाशी जोडलेला: कडक उन्हात गडद कातडी शरीरातलं फोलेट हे जीवनसत्त्व वाचवते, कमी उन्हात उजळ कातडीला ‘ड’ जीवनसत्त्व बनवणं सोपं जातं. हुशारीशी, स्वभावाशी, खानदानाशी त्याचं काही नातं नाही.

आणि तरीही रंग बघून माणसाची परीक्षा करण्याचं काम आपल्या शेजारीच, स्वतंत्र भारतात, सरकारी योजना म्हणून झालं. खानापूरच्या जंगलपट्ट्यात आणि हल्याळ, यल्लापूर, मुंडगोडकडे सिद्दी राहतात. त्यांचे पूर्वज काही शतकांपूर्वी पोर्तुगीजांनी आफ्रिकेतून गुलाम म्हणून आणले. पुष्कळजण गोव्यातून निसटून सह्याद्रीच्या रानात स्थिरावले. आज ते घरात कोकणी वळणाची बोली बोलतात, बाहेर कानडी आणि मराठी. कोणी हिंदू, कोणी मुसलमान, कोणी ख्रिस्ती. 1987 मध्ये भारतीय क्रीडा प्राधिकरणाने सिद्दी मुलामुलींना निवडून धावायला शिकवायला घेतलं. आफ्रिकी रक्त म्हणजे जन्मजात धावपटू, हा विचार. काही मुलांनी राष्ट्रीय स्पर्धांत पदकंही मिळवली. 1993 मध्ये योजना बंद पडली आणि मुलं परत गावी, मजुरीला.

या विचारातली शास्त्रीय चूक मोठी आहे. लांब पल्ल्याचे गाजलेले धावपटू येतात इथिओपिया-केनियाच्या उंच पठारांवरून. सिद्दींचे पूर्वज, 2011 च्या जनुकीय अभ्यासानुसार, बांटू भाषा बोलणारे, म्हणजे आफ्रिकेतल्याच वेगळ्या लोकसमूहातले. आफ्रिका हा एक कप्पा नव्हेच. माणूस तिथेच सर्वांत जास्त काळ राहिला, म्हणून जगातली सर्वाधिक जनुकीय विविधता त्याच खंडात आहे. त्याच अभ्यासात दिसलं की सिद्दींमध्ये इथल्या शेजाऱ्यांचाही वाटा आहे आणि ही सरमिसळ सुमारे 200 वर्षांपूर्वीची आहे. म्हणजे पिढ्यान् पिढ्या इथलेच झालेल्या या मुलांना आपण पदकांसाठी आफ्रिकी म्हटलं. पळण्याची संधी त्यांना मिळायलाच हवी होती, पण भारतीय मूल म्हणून, चांगल्या शाळेसोबत आणि पुढच्या नोकरीसोबत.

सिद्दींना अनुसूचित जमातीचा दर्जा 2003 मध्ये मिळाला, तोही फक्त उत्तर कन्नड जिल्ह्यात. रान तेच, बोली तीच, सोयरिकी एकमेकांत. पण खानापूरकडचे सिद्दी बेळगाव जिल्ह्यात मोडत असल्याने यादीबाहेर राहिले. बेळगाव आणि धारवाडच्या सिद्दींची नावं त्या यादीत यायला 2020 चा कायदा यावा लागला. त्याच वर्षी यल्लापूर भागातले शांताराम सिद्दी कर्नाटक विधान परिषदेवर गेले, त्या सभागृहातले पहिले सिद्दी आमदार.