बिग टेन की एनसीएए? ओवेन्सचं 1935 आणि दोन स्पर्धांचा घोळ

अमेरिकेचा धावपटू जेसी ओवेन्सने पाऊण तासात विश्वविक्रमांची रांग लावली ती एनसीएएच्या, म्हणजे अमेरिकी विद्यापीठांच्या राष्ट्रीय क्रीडा संघटनेच्या मैदानावर, असं अनेकदा छापून येतं. ते चूक आहे. 25 मे 1935 ला ॲन आर्बरच्या फेरी फील्डवर झाली ती बिग टेनची, म्हणजे एका कॉन्फरन्सची (विद्यापीठांच्या एका गटाची) स्पर्धा. 100 यार्ड 9.4 सेकंदांत धावून त्याने विक्रमाशी बरोबरी केली. लांब उडीत एकच उडी घेतली, 8.13 मीटर. मग 220 यार्ड 20.3 सेकंदांत आणि 220 यार्ड लो हर्डल्स (कमी उंचीचे अडथळे) 22.6 मध्ये. या शेवटच्या दोन शर्यतींतल्या वेळा 200 मीटरच्या शर्यतींसाठीही धरल्या गेल्या, म्हणून कुणी तीन विक्रम लिहितं तर कुणी पाच. लांब उडीचा आकडा 1960 पर्यंत टिकला.

एनसीएएची राष्ट्रीय स्पर्धा झाली त्यानंतर, जूनमध्ये, बर्कलीला. तिथे ओवेन्सने चार विजेतेपदं घेतली, तरी सांघिक विजेतेपद सदर्न कॅलिफोर्नियाकडे गेलं आणि त्याचं विद्यापीठ ओहायो स्टेट दुसरं आलं. एकटा खेळाडू संघाला कुठवर ओढणार? पुढच्या वर्षी शिकागोत पुन्हा चार. एनसीएएतला त्याचा विश्वविक्रम सांगायचाच असेल तर तो तिथला, 100 मीटर 10.2 सेकंदांत. ही राष्ट्रीय स्पर्धा सुरूही शिकागोतच झाली होती, 1921 मध्ये, स्टॅग फील्डवर. पहिला विजेता संघ इलिनॉय.

कॉन्फरन्समध्ये फक्त सदस्य विद्यापीठं उतरतात. तिथे चौथा-पाचवा क्रमांकही मोलाचा, म्हणून प्रशिक्षक एकाच धावपटूला दोन-तीन शर्यतींत पळवतात. राष्ट्रीय पातळीवर ही चैन परवडत नाही. पहिल्या आठ क्रमांकांचे गुण हल्ली दोन्हीकडे सहसा तेच, 10-8-6-5-4-3-2-1, पण तिथे देशभरातले मोहरे समोर असतात आणि मुळात पोचणंच अवघड. एनसीएएच्या पहिल्या, म्हणजे सर्वांत वरच्या डिव्हिजनमध्ये 2010 पासून पूर्व आणि पश्चिम अशा दोन प्राथमिक फेऱ्या होतात: हंगामातल्या कामगिरीच्या यादीवरून प्रत्येक वैयक्तिक प्रकारात विभागाचे 48 जण, त्यातले 12 पुढे, म्हणजे अंतिम स्पर्धेत 24. डेकॅथलॉनवाले (दहा प्रकार मिळून एक स्पर्धा) मात्र थेट यादीवरून जातात. फेकीत आणि लांब उडीत या फेरीत तीनच प्रयत्न मिळतात. तिन्ही फाऊल झाले की कॉन्फरन्सचा विजेता असो वा यादीत पहिला असो, थेट घरी.

आपल्याकडच्या बातम्यांत ‘अमेरिकेत सुवर्ण’ एवढंच असतं, तेव्हा आधी महिना पाहावा. मेच्या मध्याला कॉन्फरन्स, अखेरीस प्राथमिक फेरी, जूनमध्ये राष्ट्रीय. मार्चमधली असेल तर ती 1965 पासूनची इनडोअर, तिचा हिशोब वेगळा. विकास गौडाची 2006 मधली थाळीफेक आणि तेजस्विन शंकरच्या 2018 व 2022 मधल्या उंच उड्या या जूनच्या, खऱ्याखुऱ्या राष्ट्रीय विजेतेपदाच्या.