लांबणे, लांबवणे (क्रियापद)

एखाद्या गोष्टीला ठरल्यापेक्षा जास्त वेळ लागला किंवा ती पुढे गेली की ती लांबली, आणि कुणी मुद्दाम तसं केलं की लांबवली. मूळ संस्कृत 'लम्ब्' धातू, त्याचा अर्थ खाली लटकणे, म्हणजे मुळात यात वेळेचा काही संबंधच नाही. लटकण्यावरून 'लंब' म्हणजे लांब असा अर्थ आला, मग वेळेचा, आणि तो संस्कृतातच 'विलंब' मधे तयार झालेला दिसतो. लंबोदर, घड्याळाचा लंबक, भूमितीतला लंब, अवलंबून राहणे हे सगळे त्याच धातूचे. विलंबित लय पण त्यातलीच, द्रुत, मध्य, विलंबित या तीन लयी नाट्यशास्त्रापासून चालत आल्यात, आणि गायक उस्ताद अमीर खाँ 14 मात्रांच्या झूमरा तालात ख्याल इतका सावकाश मांडायचे की त्याला अतिविलंबितच म्हणतात, जरूर ऐका.

मराठीत या क्रियापदाला दोन टोकं आहेत. भाषण लांबलं म्हणजे शेवट पुढे गेला, परीक्षा लांबली म्हणजे बहुतेक वेळा सुरुवातच पुढे गेली. 'पाऊस लांबला' हे तर दोन्हीकडे चालतं. जूनमधे कुणी म्हणालं तर मृग कोरडा गेला, पेरण्या खोळंबल्या. तेच वाक्य ऑक्टोबरमधे आलं तर पाऊस जायचं नाव घेत नाही, काढलेलं सोयाबीन भिजतंय आणि नाशिककडे द्राक्षाच्या छाटण्या अडकल्यात. शब्द तेच, अर्थ महिन्यावरून कळतो.

आणि लांबणे-लांबवणे हा फरक मला फार महत्त्वाचा वाटतो, कारण 'लांबणे' मधे करणारा दिसतच नाही. राज्यघटनेप्रमाणे महापालिकेची मुदत 5 वर्षांपुढे नेता येत नाही, म्हणून मार्च 2022 मधे मुंबई महापालिकेची मुदत संपल्यावर प्रशासक आले आणि निवडणूक 3 वर्षांहून जास्त लांबली. बातम्यांत 'निवडणुका लांबल्या' असंच यायचं, कोर्टात केस होती, ओबीसी आरक्षणाचा, प्रभागांचा प्रश्न होता हे खरं, पण कुणामुळे किती लांबल्या हे त्या वाक्यातून कळत नाही. 'लांबवल्या' लिहायचं तर कुणी ते सांगावं लागतं.

'लांबणीवर टाकणे' म्हणजे फक्त पुढे ढकलणे, आणि 'लांबण लावणे' म्हणजे बोलणं उगाच वाढवत नेणे. चोरीच्या बातमीत 'चोरट्यांनी मंगळसूत्र लांबवलं' असं येतं, तिथे वेळेचा अर्थ नाही, वस्तू लांब नेली म्हणजे पळवली.