संगीताचा तास आणि संगीतोपचार

बौद्धिक दिव्यांग मुलांच्या शाळेत गाण्याचा तास सुरू झाला की त्याला सरसकट ‘थेरपी’ म्हटले जाते. जळगाव जिल्ह्यातल्या आमच्या वर्गातही पालकांचा पहिला प्रश्न बहुधा हाच असतो, ‘‘गुरुजी, पोऱ्या कव्हय बोली?’’ म्हणजे मुलगा बोलायला कधी लागेल? या प्रश्नामागची तळमळ मला ठाऊक आहे. परंतु तो संगीतोपचार करणाऱ्याला विचारायचा प्रश्न आहे, संगीतशिक्षकाला नव्हे.

संगीतोपचारात गाणे हे साधन असते. बोलणे, नजर देणे, आपली पाळी येईपर्यंत थांबणे, यांपैकी मुलाला कशाची गरज आहे हे प्रशिक्षित उपचारक आधी पारखतो आणि प्रगतीही त्याच गोष्टीत मोजतो. इंग्लंडमध्ये १९५९ पासून पॉल नॉर्डॉफ आणि क्लाइव्ह रॉबिन्स यांनी दिव्यांग मुलांबरोबर जी पद्धत घडवली, तिच्यात मुलाने काढलेल्या आवाजाला किंवा दिलेल्या ठोक्याला उपचारक वाद्यावर तिथल्या तिथे साथ देतो. तिथे ठोका चुकला असे कोणी म्हणत नाही.

शिक्षणात मात्र चूक असते, आणि ती मुलाला मायेने पण स्पष्ट सांगणे हा मी त्याचा मान समजतो.

भाद्रपद पौर्णिमेपासून कोजागरीपर्यंत आमच्याकडे गुलाबाईची गाणी टिपऱ्यांवर म्हटली जातात. त्या दिवसांत एका बारा वर्षांच्या मुलाला मी केरवा या तालाच्या ८ मात्रांपैकी, म्हणजे ठोक्यांपैकी, फक्त पहिलीवर टिपरी वाजवायला शिकवत होतो. फरशीवर खडूने आठ चौकोन काढले, पहिला लाल रंगवला आणि तालाचे बोल म्हणत एकेका चौकोनावर बोट ठेवत गेलो. पंधरवडाभर त्याची टिपरी सातव्या मात्रेलाच पडे. एके दिवशी त्याने ती हवेत तशीच धरून ठेवली आणि माझे बोट लाल चौकोनावर येताच बरोबर पहिल्या बोलावर, ‘धा’वर वाजवली. उपचारकाने आपल्या वहीत ‘सात मात्रा थांबला’ असे लिहिले असते. मी ‘सम सापडली’, म्हणजे तालाची पहिली मात्रा सापडली, असे लिहिले.

मुलाला उपचाराची गरज असेल तर तो अवश्य मिळावा, पण त्यामुळे शिक्षणाचा तास काढून घेतला जाऊ नये. दिव्यांग व्यक्ती हक्क अधिनियम, २०१६ च्या कलम २९ मध्ये कलाविषयांचे अभ्यासक्रम दिव्यांगांना सहभागी होता येईल अशा रीतीने नव्याने आखण्याची तरतूद आहे, ती शिक्षणासाठीच. तेव्हा पालकांनी आम्हाला ‘बोलतो का?’ याऐवजी ‘काय वाजवतो?’ असे विचारावे. त्या मुलाला सध्या पाचव्या मात्रेवरची दुसरी टिपरी शिकवणे चालू आहे.