रेमागेनचा पूल: स्फोटात टिकला, दहा दिवसांनी कोसळला

७ मार्च १९४५ रोजी दुपारी, जर्मनीतील रेमागेन या छोट्या गावाजवळ, ऱ्हाईन नदीवरचा लुडेनडॉर्फ रेल्वेपूल अमेरिकन सैन्याच्या हाती पडू नये म्हणून उडवून देण्याचा आदेश जर्मन सैन्यातील कॅप्टन कार्ल फ्रीझेनहान यांना मिळाला. आदेश तोंडी नको, लेखी हवा, असा आग्रह त्यांनी धरला होता; कारण पूल वेळेआधी उडवणाऱ्या अधिकाऱ्याचीही त्या काळात गय होत नसे. पूर्व काठावरच्या बोगद्यात बसून त्यांनी विद्युत-यंत्राची किल्ली फिरवली, पुन्हा फिरवली, आणि काहीच घडले नाही. सुरुंगांकडे जाणारी तार बहुधा तोफगोळ्याच्या तुकड्याने तुटली होती. अखेर एक सैनिक गोळीबारातून सरपटत पुलापर्यंत गेला आणि त्याने राखीव वात हाताने पेटवली. प्रचंड स्फोट झाला, पुलावरच्या फळ्या उडाल्या, सगळा सांगाडा किंचित वर उचलला गेल्याचे पाहणाऱ्यांना दिसले; आणि धूर निवळला तेव्हा पूल आपल्या खांबांवर जागच्या जागी उभा होता. थोड्याच वेळात लेफ्टनंट कार्ल टिमरमन यांच्या तुकडीतील अमेरिकन सैनिक त्यावरून धावत पलीकडे पोहोचले.

या प्रसंगाचे वर्णन ‘चमत्कार’ म्हणून करण्याची पद्धत आहे. त्यामागची कारणे मात्र बरीचशी पदार्थविज्ञानाची आणि स्थापत्यशास्त्राची आहेत, आणि ती चमत्कारापेक्षा अधिक रंजक आहेत असे मला वाटते.

पहिले कारण स्फोटकाचे. फ्रीझेनहान यांनी ६०० किलो लष्करी स्फोटक मागितले होते. त्या दिवशी सकाळी प्रत्यक्षात आले ते ३०० किलो ‘डोनारिट’, म्हणजे खाणकामात वापरले जाणारे अमोनियम नायट्रेटवर आधारलेले स्फोटक. प्रमाण निम्मे होते ही अडचण होतीच, पण खरा फरक स्फोटाच्या जातीत होता. टीएनटीसारख्या लष्करी स्फोटकात स्फोटाची लाट सेकंदाला सुमारे सात किलोमीटर वेगाने पुढे सरकते. दाब इतक्या अचानक निर्माण होतो की त्याला चिकटून असलेल्या पोलादाला वाकायला किंवा सरकायला अवधीच मिळत नाही, ते चिरले जाते. खाणीतल्या स्फोटकाचा वेग यापेक्षा बराच कमी असतो आणि तो मुद्दामच तसा ठेवलेला असतो, कारण तिथे खडकाचा भुगा करायचा नसतो, तो सुटा करून ढकलायचा असतो. असे स्फोटक पोलादी तुळईला लावले तर ते कापण्याऐवजी धक्का देते. पूल उचलला जाऊन पुन्हा खाली बसला, त्याचे स्पष्टीकरण बऱ्याच अंशी इथे आहे. त्यातच लावलेले सगळे सुरुंग पेटले नाहीत.

पूल पाडण्याची याहून चांगली सोय एकेकाळी होती. पहिल्या महायुद्धात, १९१६ साली बांधकाम सुरू झाले तेव्हा दगडी खांबांच्या पोटातच स्फोटके ठेवण्यासाठी पोकळ्या ठेवल्या होत्या. खांबच फुटला तर वरचा सांगाडा कितीही मजबूत असला तरी त्याचा उपयोग नाही, हे त्यामागचे साधे गणित. परंतु युद्धानंतर हा प्रदेश फ्रेंचांच्या ताब्यात गेला आणि त्यांनी त्या पोकळ्या काँक्रीट ओतून बुजवून टाकल्या. त्यामुळे १९४५ मध्ये जर्मनांना स्फोटके पोलादी सांगाड्यावरच लावावी लागली, आणि नेमका तोच भाग पाडायला अवघड होता.

तो अवघड का, हे समजण्यासाठी पुलाची रचना पाहावी लागते. सुमारे ३२५ मीटर लांबीच्या या पुलाचा मधला गाळा, म्हणजे दोन खांबांमधला भाग, १५६ मीटरचा होता आणि दोन्ही बाजूंना सुमारे ८५ मीटरचा एकेक गाळा. डावीकडे आणि उजवीकडे पोलादी कमानींच्या दोन ट्रस होत्या आणि त्यांच्यामध्ये दोन रेल्वेमार्ग पेलणारा तळ होता. ट्रसमध्ये तुळया त्रिकोणांत जोडलेल्या असतात. काहींवर ताण येतो, काहींवर दाब. एखादी तुळई तुटली तर तिचा भार शेजारच्या तुळयांकडे वळतो. लष्करी सामानाने खच्चून भरलेल्या मालगाड्यांसाठी आखलेल्या पुलात प्रत्येक तुळईला रोजच्या भाराहून बरीच जास्त ताकद दिलेली असते, आणि त्या दिवशी पुलावर गाडी नव्हती. म्हणजे अतिरिक्त भार झेलायला शिल्लक भरपूर होती. अभियंत्याने प्रवाशांच्या सुरक्षेसाठी ठेवलेली हीच शिल्लक पूल पाडणाऱ्याच्या आड येते.

पण उभा राहिलेला पूल धडधाकट होता असे नाही. नदीच्या वरच्या अंगाची, म्हणजे प्रवाह येतो त्या बाजूची ट्रस स्फोटात इतकी जखमी झाली होती की पुलाचे जवळपास सगळे ओझे खालच्या अंगाच्या ट्रसवर आले. जोडीतला एक बैल बसला की जू तिरके होते आणि दुसऱ्या बैलाच्या मानेवर नुसते ओझेच नव्हे, तर पीळही येतो, तसे काहीसे इथे झाले. ट्रस उभा भार पेलण्यासाठी असते. पिळाला तोंड देणे हे मुख्यतः दोन ट्रसना एकमेकींशी बांधणाऱ्या आडव्या तिरप्या पट्ट्यांचे काम असते, आणि स्फोटात, पुढे तोफांच्या माऱ्यात, अशा जोडण्यांचीही हानी होत गेली.

यात दाबाखालच्या तुळईचा प्रश्न सर्वांत नाजूक असतो. ताणाखालची तुळई तुटेपर्यंत आपले काम करते, पण दाबाखालची तुळई पोलाद तुटण्याच्या बरेच आधी बाजूला वाकून निकामी होऊ शकते. तिची सहनशक्ती तिच्या आधाराविना असलेल्या लांबीच्या वर्गाच्या व्यस्त प्रमाणात असते, असे अठराव्या शतकात ऑयलर या गणितज्ञाने दाखवून दिले. म्हणजे मधला एक आधार निखळून मोकळी लांबी दुप्पट झाली, तर बारीक तुळईची ताकद एक चतुर्थांशावर येते. शिवाय एखादा दुवा अचानक तुटतो तेव्हा त्याचा भार शेजाऱ्याकडे हळूहळू जात नाही, झटक्याने जातो. आणि झटक्याने आलेला भार त्या क्षणापुरता स्थिर भाराच्या दुपटीपर्यंत परिणाम करू शकतो.

पुलावरून पहिल्या चोवीस तासांत सुमारे ८,००० सैनिक पलीकडे गेले. जर्मनांनी त्यावर विमाने पाठवली, त्यात अराडो २३४ ही जेट बॉम्बफेकी विमानेही होती. अवजड ‘कार्ल’ तोफ डागली, पाणबुडे पाठवले आणि ११ व्ही-२ क्षेपणास्त्रेही सोडली. एकही क्षेपणास्त्र पुलाला लागले नाही, आणि त्यात नवल नव्हते. शेकडो किलोमीटरवरून लंडनसारखे अवाढव्य शहर गाठणे हीच ज्याची मजल, त्याने काही मीटर रुंदीची पट्टी कशी टिपावी?

अरुंद लक्ष्याची ही अडचण पुढेही सुटली नाही. उत्तर व्हिएतनाममधील थान्ह होआ पुलावर अमेरिकेने ३ आणि ४ एप्रिल १९६५ रोजी मोठे हल्ले केले. बॉम्ब लागलेसुद्धा, पण पूल पडला नाही. नदीच्या मध्यभागी जवळजवळ पाच मीटर व्यासाचा काँक्रीटचा खांब आणि दोन्ही टोकांना टेकड्यांत रोवलेले आधार अशी त्याची बांधणी होती. १३ मे १९७२ रोजी लेझरने मार्ग दाखवलेले, टनाहून अधिक वजनाचे बॉम्ब वापरले तेव्हा कुठे पश्चिमेकडचा भाग आधारावरून निखळला. उलट उदाहरण आपल्या शेजारचे आहे. बांगलादेशातील पद्मा नदीवरच्या हार्डिंज पुलाचे पंधरा मुख्य गाळे एकमेकांपासून स्वतंत्र, प्रत्येक आपापल्या खांबांवर टेकलेला. त्यामुळे डिसेंबर १९७१ मध्ये त्याचा बारावा गाळा पडला तरी बाकीचे उभे राहिले आणि १९७२ मध्ये पूल पुन्हा सुरू झाला. रेमागेनला अशी विभागणी नव्हती. मधली कमान गेली की बाजूचे गाळेही जाणार, हे रचनेतच ठरलेले होते.

१७ मार्चला पुलावर सुमारे दोनशे अमेरिकन अभियंता-सैनिक दुरुस्तीचे काम करत होते. वाहतूक तोवर थांबवलेली होती. दुपारी तीनच्या सुमारास बंदुकीच्या बारासारखा एक आवाज आला, मग दुसरा. तुळया जोडणारे रिव्हेट तुटत होते. तळ थरथरू लागला, फळ्यांवरची धूळ उडाली आणि माणसे दोन्ही काठांकडे पळत सुटली. मधला गाळा पिळून एका अंगावर कलंडला आणि पाण्यात गेला, बाजूचे गाळे आधारांपासून तुटले. कामावरच्या तुकडीचे प्रमुख लेफ्टनंट कर्नल क्लेटन रस्ट हेही नदीत पडले. ते वाचले, मात्र २८ जण दगावले. नेमके निमित्त कोणते, जवळच्या तोफांचे हादरे, क्षेपणास्त्रांचे धक्के की दुरुस्तीचीच ठोकाठोक, यावर वाद घालता येईल. माझ्या मते तो वाद दुय्यम आहे, कारण दहा दिवस दुपटीचे ओझे वाहणाऱ्या ट्रसला कोणतेही निमित्त पुरले असते.

लष्करी दृष्टीने तोवर उशीर झाला होता. अमेरिकन अभियंत्यांनी पुलाच्या दोन्ही अंगांना तरते पूल उभारले होते आणि पलीकडच्या काठावर त्यांचा तळ पक्का झाला होता. हिटलरने बसवलेल्या फिरत्या लष्करी न्यायालयाने पूल शाबूत राहिल्याबद्दल पाच अधिकाऱ्यांना मृत्युदंड सुनावला. चौघांना गोळ्या घातल्या गेल्या. पाचवे, कॅप्टन ब्राटगे, अमेरिकनांच्या कैदेत असल्यामुळे वाचले. किल्ली फिरवणारे फ्रीझेनहान हेही कैदेतच होते. त्यांच्या गैरहजेरीत खटला चालला आणि त्यांना मात्र निर्दोष ठरवण्यात आले.