हुकूमनाम्यात नाव नसलेला माणूस

गिरगाव-परळच्या जुन्या चाळींत हे वरचेवर घडते. घरमालक भाडेकरूविरुद्ध दावा जिंकतो, ताब्याचे वॉरंट निघते, बेलिफ (न्यायालयाचा आदेश बजावणारा कर्मचारी) दारात येतो आणि खोलीत तिसराच कुणी राहत असतो. कधी पोटभाडेकरू, कधी मूळ भाडेकरूचा नातेवाईक, कधी पागडी मोजून आलेला. हुकूमनाम्यात, म्हणजे दाव्याच्या निकालाच्या आदेशात, त्याचे नाव नसते आणि दाव्यात त्याला कुणी काही विचारलेलेही नसते. तो दार अडवतो. मग मुंबईच्या लघुवाद न्यायालयात जी कार्यवाही सुरू होते तिला वकील 'ऑब्स्ट्रक्शनिस्ट नोटीस' म्हणतात.

अशा त्रयस्थाचे काय करायचे, याचे उत्तर कायद्याने आजवर दोनदा बदलले आहे. १८५९ च्या दिवाणी प्रक्रिया संहितेत सोय अशी होती की, स्वतःचा हक्क प्रामाणिकपणे सांगणारा कुणी ताबा अडवत असेल, तर त्याची हरकत दावा म्हणूनच नोंदवायची आणि तिचा निकाल द्यायचा. १८८२ च्या संहितेनेही तेच ठेवले. १९०८ च्या संहितेने मात्र ही सोय काढली. दरखास्तीत, म्हणजे हुकूमनामा अंमलात आणण्याच्या कार्यवाहीत, फक्त संक्षिप्त चौकशी व्हायची, आणि ज्याच्या विरुद्ध आदेश जाई त्याने वर्षाच्या आत नवा दावा लावायचा. म्हणजे एकाच खोलीचे भांडण दोनदा. सर्वांत वाईट हाल खऱ्या हक्कदाराचे होत. सामान रस्त्यावर आल्यावर वर्षानुवर्षे दावा चालवण्याचे बळ किती जणांत असते?

१९७६ ची दुरुस्ती १ फेब्रुवारी १९७७ पासून लागू झाली आणि चाक पुन्हा उलटे फिरले. संहितेच्या आदेश २१ च्या नियम १०१ नुसार हक्क, मालकी, हितसंबंध असे सगळे प्रश्न दरखास्त चालवणाऱ्या न्यायालयानेच ठरवायचे. वेगळा दावा चालत नाही, आणि त्या निर्णयाला हुकूमनाम्याचेच बळ असते. जप्त मालमत्तेवरील हरकतींना नियम ५८ खाली हाच न्याय लागू झाला.

तरी एक फट राहिली होती. अडथळा दूर करण्यासाठी नियम ९७ खाली अर्ज करतो तो हुकूमनामाधारक, म्हणजे दावा जिंकलेला. त्याने अर्जच न करता पोलीस बंदोबस्त मागितला तर? १९९७ मध्ये ब्रह्मदेव चौधरी प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की, त्रयस्थाला आधी घराबाहेर काढून मग त्याचे ऐकायचे, हे कायद्याला अभिप्रेत नाही. त्याची हरकत ताबा जाण्यापूर्वीच ऐकली पाहिजे. माझ्या मते या साऱ्या इतिहासातला सर्वांत मोलाचा टप्पा हाच. चुकून मोडलेले कुलूप परत बसवता येते, मोडलेला संसार येत नाही.

मुंबईत याला आणखी वजन येते, कारण इथले कित्येक त्रयस्थ खुद्द भाडे कायद्यानेच उभे केले. २१ मे १९५९ पूर्वीच्या पोटभाडेकरूंना संरक्षण मिळाले. १ फेब्रुवारी १९७३ रोजी चालू परवान्यावर राहणारे लायसन्सी भाडेकरू मानले गेले. असा माणूस उपरा नव्हे, त्याचा हक्क स्वतःचा आहे.

उभे केलेले अडथळेही असतात, हे नाकारण्यात अर्थ नाही. दावा चालू असताना प्रतिवादीकडून जागा घेणाऱ्याला नियम १०२ हे संरक्षण देत नाही. मुंबईपुरती एक जुनी तरतूदही आहे: १९३९ पासून, दावा प्रलंबित असल्याची नोटीस नोंदवली असेल तरच मधल्या खरेदीदारावर त्या दाव्याचे बंधन येते. मालकाने ती नोंदवणे टाळले तर पुढे कटकट त्याचीच. प्रत्येक हरकतीवर साग्रसंगीत पुरावा घ्यायलाच हवा असेही नाही, हे १९९८ च्या सिल्व्हरलाइन फोरम प्रकरणाने स्पष्ट केले.

२०२१ मध्ये राहुल शाह प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने दरखास्ती सहा महिन्यांत निकाली काढायला सांगितले. चर्चा त्या मुदतीचीच झाली. पण त्याच निकालात, ताब्याच्या दाव्यात त्रयस्थांच्या हितसंबंधांबद्दल पक्षकारांना सुरुवातीलाच विचारावे, असाही निर्देश आहे. चाळीतल्या दाव्यांत हा प्रश्न पहिल्याच तारखेला कसोशीने विचारला गेला, तर पोटभाडेकरूला त्याचे म्हणणे बेलिफपुढे नव्हे, न्यायाधीशापुढे मांडता येईल.