मेझकाल शेक करायची की ढवळायची?

तिखट मार्गारिटा कोल्हापुरातल्या घरगुती बैठकीला आता नवी नाही. टकीला, लिंबू, मिरची, मीठ, शेकर, झालं. घोळ सुरू होतो तो कुणी मेझकालची बाटली आणली की. तिलाही तोच शेकर, तोच खडखडाट. मग तक्रार येते, ‘धूर लागतच नाही, नुसतं तिखट पाणी.’

टकीला-मेझकालचा फरक पटकन उरकू. दोन्ही मेक्सिकोच्या, दोन्ही अगेव्हच्या, म्हणजे आपल्या बांधावरच्या घायपाताच्या भावकीतल्या. टकीला फक्त निळ्या अगेव्हची, गड्डा बहुतेक वेळा वाफेवर शिजवलेला. मेझकालसाठी अनेक जाती चालतात आणि गड्डा तापलेल्या दगडांच्या खड्ड्यात, मातीखाली, काही दिवस भाजतात. धूर तिथेच मुरतो. व्हिस्कीला कोळशाचा धुंगार देऊन तिला ‘घरची मेझकाल’ म्हणणाऱ्यांना लांबूनच नमस्कार.

आता मुद्द्याचं. पेल्यात लिंबाचा रस असेल तर शेक. नुसती दारू, पाक आणि बिटर्स (थेंबाथेंबानं घालायचा कडवट, मसालेदार अर्क) असतील तर ढवळायचं. लिंबाच्या पेयाला फेस हवा असतो, त्यातल्या हवेनं आंबटपणा हलका होतो. बिनलिंबाचं पेय शेक केलं की बर्फाचा चुरा होतो, बुडबुड्यांनी ते गढूळ दिसतं आणि तोंडात पातळ लागतं. ताक घुसळतात, तांबडा रस्सा कुणी घुसळतं का?

इथवर बऱ्याच जणांना कळतं. फसतात ते पुढे: पाणी शिरू नये म्हणूनच ढवळायचं, असं त्यांना वाटतं. साफ चूक! चमचा चार वेळा फिरवून ओतलेला पेला घसा जाळतो, आणि दोष मिरचीला जातो. ढवळतात ते थंड करायला आणि पाणी घालायलाही. फक्त ते पाणी सावकाश, आपल्या हातात राहील असं शिरतं. 60 मिली मेझकाल, 10 मिली पाक आणि दोन डॅश बिटर्स मिळून साधारण 72 मिली होतात. ढवळून गाळल्यावर 90 ते 95 मिली भरायला हवेत. मेझकाल 45 टक्के अल्कोहोलची असेल तर पेय तीस टक्क्यांच्या आसपास उतरतं, आणि धूर उमगतो तो तिथे. पहिल्या दोन-तीन वेळा मापानं मोजाच. 80 भरले तर अजून ढवळा. 110 च्या वर गेले तर बर्फ ओला होता: तासभर टोपात पडलेला बर्फ आधीच पाणी धरून असतो. फ्रीजरमधून थेट घ्या, भांडं काठोकाठ भरा, लांब चमच्याची पाठ कडेला टेकवून 30 सेकंद फिरवा. बर्फ एकसंध गोल फिरायला हवा. खडखड वाजला तर तुम्ही ढवळत नाही, ठोकताय.

डॅश म्हणजे थेंब नव्हे. बाटलीचा एक झटका, सुमारे पाऊण मिली. पाक गुळाचा: वजनानं दोन भाग गूळ, एक भाग गरम पाणी, मलमलच्या फडक्यातून गाळून. कोल्हापुरी गूळ धुराला साखरेपेक्षा चांगली साथ देतो.

मिरची पाकात उकळू नका. तिचा तिखटपणा पाण्यात नावापुरताच उतरतो, दारूत भराभर. एक सुकी संकेश्वरी बी आणि आतल्या शिरा काढून तव्यावर वास सुटेपर्यंत परता, मग दोन पेल्यांच्या 120 मिली मेझकालमध्ये टाका. दर पाच मिनिटांनी चाखा. पंधरा-वीस मिनिटांत काम होतं, लगेच गाळा. रात्रभर ठेवलीत तर धूर गेलाच समजा. लवंगी नको, तिचा अंदाज चुकायला वेळ लागत नाही.

गाळून बर्फाच्या एका मोठ्या खड्यावर ओता, वर संत्र्याची साल पिळा. काठाला कांदा-लसूण मसाला लावायची टूम निघाली आहे. त्यातलं तेल पेयावर तरंगतं आणि लसूण धुराला गिळतो. सजावटीची मिरचीही पेल्यात सोडू नका. ती दारूत उतरतच राहते, आणि निवांत पिणाऱ्याचा शेवटचा घोट नेमका घसा धरतो.