ब्रिटनची लढाई

ब्रिटनची लढाई : (१० जुलै–३१ ऑक्टोबर १९४०). दुसऱ्या महायुद्धात जर्मन हवाई दलाने (लुफ्तवाफ) ग्रेट ब्रिटनवर केलेली हवाई मोहीम आणि रॉयल एअर फोर्सच्या (आरएएफ) फायटर कमांडने (लढाऊ विमानांचा विभाग) तिला केलेला प्रतिकार. भूदल व नौदल यांची थेट गाठ न पडता जवळजवळ सर्वस्वी हवेत लढली गेलेली ही पहिली मोठी लढाई मानतात. वरील तारखा ब्रिटिश गणनेच्या आहेत. त्या सर्वमान्य नाहीत.

पार्श्वभूमी : मे-जून १९४० मध्ये नेदर्लंड्स, बेल्जियम व फ्रान्स कोसळले. २२ जून रोजी फ्रान्सने जर्मनीशी युद्धबंदी केली आणि नॉर्वेपासून ब्रिटनीपर्यंतचा किनारा जर्मनांच्या हाती गेला. फ्रान्सच्या मोहिमेत आरएएफने नऊशेच्या घरात विमाने गमावली होती. ही गळती आणखी वाढू नये म्हणून फायटर कमांडचे प्रमुख ह्यू डाउडिंग यांनी १६ मे रोजी हवाई मंत्रालयाला पत्र लिहिले. फ्रान्समध्ये आणखी हरिकेन विमाने पाठवली, तर स्वदेशाच्या रक्षणाला काही उरणार नाही, असा त्यातील युक्तिवाद होता. १६ जुलै रोजी हिटलरने ब्रिटनवरील स्वारीची (सांकेतिक नाव सी लायन) तयारी करण्याचा आदेश काढला. १ ऑगस्टच्या आदेशाने आरएएफचा बीमोड करण्याची कामगिरी हवाई दलावर आली.

कालनिर्णय : ‘ब्रिटनची लढाई’ हे नाव लढाईच्या आधीचे आहे. १८ जून १९४० रोजी कॉमन्स सभागृहातील भाषणात चर्चिल यांनी ते वापरले आणि ते रूढ झाले. ती नेमकी केव्हा सुरू झाली, याबद्दल मात्र खुद्द ब्रिटिश दप्तरातही एकवाक्यता नव्हती. हवाई मंत्रालयाने १९४१ च्या वसंतात काढलेल्या पुस्तिकेत प्रारंभ ८ ऑगस्ट असा दिला आहे. (या पुस्तिकेत डाउडिंग यांचे नावही नव्हते, त्याबद्दल चर्चिल यांनी नापसंती व्यक्त केली.) त्याच वर्षी डाउडिंग यांनी सादर केलेल्या आणि १९४६ मध्ये ‘लंडन गॅझेट’मध्ये छापल्या गेलेल्या अहवालात १० जुलै ही तारीख येते. इंग्लिश खाडीतील जहाजतांड्यांवरचे दिवसाचे हल्ले त्या सुमारास तीव्र झाले, एवढेच तिचे कारण आहे. प्रारंभाची कोणतीही तारीख काहीशी स्वैरच ठरणार, हे डाउडिंग यांनाही मान्य होते. पुढे युद्धपदकावरील खास पट्टीसाठी १० जुलै–३१ ऑक्टोबर ही मुदत ठरली आणि तारीख पक्की झाली. या मुदतीत मान्यताप्राप्त ७१ तुकड्यांपैकी एकीतून निदान एक अधिकृत लढाऊ उड्डाण केलेल्यालाच ती पट्टी मिळे. त्यामुळे जुलैच्या पहिल्या आठवड्यात खाडीवर मारला गेलेला वैमानिक या लढाईच्या यादीत येत नाही, तर ऑक्टोबरअखेर एकच गस्त घातलेला येतो. जर्मन लेखनात सामान्यतः १३ ऑगस्ट हा प्रारंभ धरतात आणि रात्रीच्या बाँबहल्ल्यांना वेगळे न काढता मोहीम मे १९४१ पर्यंत नेतात. लष्करी हेतूचे सातत्य पाहता जर्मन विभागणी अधिक सुसंगत वाटते. तथापि ब्रिटिश तारखा इतक्या रुळल्या आहेत, की प्रस्तुत नोंदीतही त्याच स्वीकारल्या आहेत.

बलाबल : आल्बर्ट केसलरिंग (दुसरे हवाई आरमार, उत्तर फ्रान्स, बेल्जियम व नेदर्लंड्स), हूगो श्पेर्ले (तिसरे, पश्चिम फ्रान्स) आणि हान्स-युर्गेन श्टुम्फ (पाचवे, नॉर्वे व डेन्मार्क) यांच्याकडे मिळून सर्व प्रकारची सुमारे २,५०० विमाने होती. सर्वोच्च सूत्रे हेर्मान गोअरिंगकडे होती. जुलैच्या आरंभी फायटर कमांडपाशी लढण्याजोगी सहाशे-सातशे विमाने होती. त्यांत हरिकेनांची संख्या स्पिटफायरांपेक्षा जास्त होती आणि पाडलेल्या शत्रुविमानांतही त्यांचाच वाटा मोठा होता. लोकस्मृतीत मात्र स्पिटफायरच उरले. मेसरश्मिट १०९ हे विमान स्पिटफायरच्या तोडीचे होते. त्याच्या एंजिनात इंधन थेट फवारले जाई, त्यामुळे नाक खाली करून एकदम सूर मारला तरी ते अडखळत नसे. स्पिटफायर व हरिकेन यांच्या मर्लिन एंजिनाचा कार्ब्युरेटर अशा वेळी क्षणभर दगा देई. उलट १०९ ची इंधनक्षमता तोकडी होती. लंडनवर पोहोचल्यावर जेमतेम दहा-पंधरा मिनिटे लढता येई आणि परतताना कित्येकांना खाडीत उतरावे लागे. ब्रिटिश वैमानिक पाडला गेला तरी बहुधा स्वतःच्याच भूमीवर उतरे. जर्मन वैमानिक युद्धकैदी होई.

विमानांपेक्षा वैमानिकांची टंचाई ब्रिटनला अधिक जाचली. मे १९४० मध्ये लॉर्ड बीव्हरब्रुक विमाननिर्मिती मंत्री झाल्यावर लढाऊ विमानांचे उत्पादन महिन्याला साडेचारशेच्या आसपास पोहोचले. जर्मनीत एकआसनी लढाऊ विमाने त्याच्या निम्म्याच्या आसपास बनत होती.

सूचना व नियंत्रण व्यवस्था : डाउडिंग पद्धती म्हणून ओळखली जाणारी ही व्यवस्था अभ्यासकांच्या विशेष कुतूहलाचा विषय ठरली आहे. तिचे मूळ २६ फेब्रुवारी १९३५ रोजी डॅव्हेंट्रीजवळ झालेल्या प्रयोगात आहे. रॉबर्ट वॉटसन-वॉट आणि त्यांचे सहकारी अर्नोल्ड विल्किन्स यांनी बीबीसीच्या लघुलहरी प्रक्षेपकाच्या झोतातून जाणाऱ्या विमानापासून परावर्तित झालेली लहर टिपून दाखवली. रडारचा शोध त्यांनी लावला, असे सरसकट म्हणणे योग्य नाही. त्याच दशकात जर्मनीत व अमेरिकेत स्वतंत्रपणे काम चालू होते आणि जर्मनांची फ्राया व वुर्झबुर्ग ही यंत्रे काही बाबतींत सरस होती. ब्रिटिशांचे वेगळेपण उपकरणाहून त्याभोवतीच्या संघटनेत आहे, हे मत आता बहुतेकांना मान्य आहे.

युद्धारंभी किनाऱ्यावर ‘चेन होम’ या रडारसाखळीची सुमारे वीस केंद्रे होती. प्रक्षेपणाचे पोलादी मनोरे सुमारे ११० मी. उंच, तर ग्रहणाचे लाकडी मनोरे सुमारे ७३ मी. उंच होते. दहा-तेरा मीटर तरंगलांबीवर चालणारी ही यंत्रणा उंचावरून येणारी विमाने दीडशे किलोमीटरांपलीकडून टिपी. खालून सरपटत येणाऱ्यांसाठी दीड मीटर तरंगलांबीची ‘चेन होम लो’ ही वेगळी साखळी होती. दोन्हींची नजर समुद्राकडे होती. विमान किनारा ओलांडून आत आले, की काम ऑब्झर्व्हर कोअरच्या सुमारे ३०,००० स्वयंसेवकांच्या दुर्बिणींवर व कानांवर येई. ढग असल्यास कानांवरच.

किनाऱ्यावरील केंद्रांच्या सर्व सूचना दूरध्वनीने बेंटली प्रायरी (स्टॅनमोर) येथील गाळणी कक्षात येत. एकाच टोळीची दोन-तीन केंद्रांनी दिलेली परस्परविसंगत स्थाने तेथे एकत्र करून, आपली विमाने वगळून, निवडलेली माहिती गटांच्या (फायटर कमांडचे प्रादेशिक विभाग) व त्यांतील क्षेत्रांच्या कक्षांकडे जाई. तेथील मोठ्या टेबलावर दक्षिण इंग्लंडचा नकाशा असे आणि महिला सहायक दलातील मुली लांब काठ्यांनी त्यावर बाण सरकवत. भिंतीवरील घड्याळाची तबकडी पाच-पाच मिनिटांच्या लाल, पिवळ्या व निळ्या भागांत रंगवलेली असे. सूचना आली त्या वेळी मिनिटकाटा ज्या रंगावर असेल, त्याच रंगाचा बाण ठेवायचा. त्यामुळे सज्ज्यातून पाहणाऱ्या नियंत्रकाला कोणती माहिती ताजी व कोणती शिळी हे कुणालाही न विचारता कळे. कॅलेसमोर खाडी जेमतेम ३४ किमी. रुंद आहे आणि ६,००० मी. उंची गाठायला स्पिटफायरला पाव तासाच्या आसपास लागे. हा हिशोब ध्यानात घेतला, म्हणजे पाच मिनिटांच्या रंगाचे मोल लक्षात येते. आकाशात कायम गस्त घालायची तर विमाने, इंधन व माणसे या तिन्हींची नासाडी झाली असती. या व्यवस्थेमुळे वैमानिक जमिनीवर थांबून वेळेवर झेप घेऊ शकले.

जर्मन गुप्तवार्ता विभागाचा प्रमुख योझेफ श्मिट याच्या जुलैमधील अहवालात या व्यवस्थेचा उल्लेखही नाही. १२ ऑगस्ट रोजी डोव्हर, राय, पेव्हेन्सी व व्हेंटनर या केंद्रांवर हल्ले झाले. व्हेंटनर काही दिवस बंद पडले, बाकीची काही तासांत सुरू झाली. जाळीदार मनोऱ्यांतून स्फोटाचा धक्का आरपार निघून जाई. तीनच दिवसांनी, अशा हल्ल्यांतून काही निष्पन्न होत नाही असे वाटून, गोअरिंगने ते जवळजवळ थांबवले. मोहिमेतील ही सर्वांत मोठी जर्मन चूक मानावी, की लंडनकडे वळणे ही, याबद्दल मतभेद आहेत.

घटनाक्रम : जुलैत खाडीतील जहाजतांड्यांवर हल्ले झाले. १३ ऑगस्टच्या ‘गरुडदिनी’ (मोठ्या हल्ल्यांच्या प्रारंभासाठी जर्मनांनी ठरवलेला दिवस) खराब हवेमुळे हल्ला पुढे ढकलल्याचा निरोप सर्वांपर्यंत पोहोचला नाही आणि काही बाँबफेकी विमाने संरक्षणाशिवायच निघाली. १५ ऑगस्ट रोजी तिन्ही हवाई आरमारे उतरली. उत्तर समुद्र ओलांडून आलेल्या पाचव्याची इतकी हानी झाली, की दिवसाढवळ्या त्याने पुन्हा मोठा हल्ला केला नाही. १८ ऑगस्टनंतर सूर मारणारी श्टूका (युंकर्स ८७) विमाने बहुतांशी मागे घेण्यात आली.

२४ ऑगस्ट ते ६ सप्टेंबर हा काळ फायटर कमांडला सर्वांत कठीण गेला. मारा बिगिन हिल, केनली, हॉर्नचर्च, नॉर्थ वील्ड अशा क्षेत्रीय तळांवर होता. या पंधरवड्यात शंभराहून अधिक ब्रिटिश वैमानिक ठार झाले. बिगिन हिलचा नियंत्रण कक्ष निकामी झाल्यावर गावातल्या एका दुकानात तात्पुरता कक्ष थाटून काम पुढे चालवले गेले. तेथील तीन महिला कर्मचाऱ्यांना पुढे मिलिटरी मेडल मिळाले.

२४ ऑगस्टच्या रात्री लंडनवर बाँब पडले, ते बहुधा चुकून. दुसऱ्या रात्री आरएएफने बर्लिनवर हल्ला केला आणि ७ सप्टेंबरपासून जर्मनांनी रोख लंडनकडे वळवला. हा बदल निव्वळ सूडापोटी झाला, असे जुने लेखन सांगते. उरलीसुरली ब्रिटिश लढाऊ विमाने राजधानीच्या रक्षणासाठी एका जागी येतील आणि संपवता येतील, हा केसलरिंगचा हिशोबही त्यामागे होता. श्मिटच्या अंदाजानुसार ती थोडीच उरली होती. १५ सप्टेंबर रोजी दोन मोठ्या लाटा आल्या. त्या दिवशी चर्चिल अक्सब्रिज येथील ११ व्या गटाच्या कक्षात होते. राखीव दल किती, या त्यांच्या प्रश्नाला गटप्रमुख कीथ पार्क यांनी एकही नाही, असे उत्तर दिले. ते ११ व्या गटापुरते खरे होते. १७ सप्टेंबर रोजी हिटलरने स्वारी बेमुदत पुढे ढकलली, तर १२ ऑक्टोबरला ती पुढच्या वसंतावर टाकली. रात्रीचे हल्ले (ब्लिट्झ) मे १९४१ पर्यंत चालू राहिले आणि त्यांत चाळीस हजारांहून अधिक नागरिक मृत्यू पावले.

हानीचे आकडे : १५ सप्टेंबर रोजी १८५ जर्मन विमाने पाडल्याचे ब्रिटनने जाहीर केले. जर्मन नोंदींवरून हा आकडा साठच्या आसपास भरतो. यात निव्वळ प्रचार नव्हता. एकाच विमानावर तिघांनी गोळ्या झाडल्या, तर तिघेही प्रामाणिकपणे ते आपल्या नावावर सांगत. जितकी जास्त विमाने एका ठिकाणी, तितकी ही दुबार मोजणी अधिक. जर्मन दावेही असेच फुगलेले होते. फरक इतकाच, की जर्मनांनी आपल्या दाव्यांवर पुढचे बेत रचले. एकूण हानी फायटर कमांडची हजाराच्या आसपास व जर्मनांची सुमारे १,७००–१,९०० विमाने अशी धरतात. फायटर कमांडच्या सुमारे २,९०० वैमानिक-सैनिकांपैकी ५४४ कामी आले. त्यांत पोलिश, चेकोस्लोव्हाक, न्यूझीलंडर, कॅनेडियन असे अनेक होते. नॉर्थोल्टच्या ३०३ क्रमांकाच्या पोलिश स्क्वॉड्रनने १२६ विमाने पाडल्याचा दावा केला; खरा आकडा कमी असला, तरी तिची गणना अग्रगण्य तुकड्यांत होते. याच काळात खाडीतील बंदरांवर स्वारीसाठी जमवलेल्या पडावांवर हल्ले करणाऱ्या बाँबर कमांडचे याहून जास्त लोक मारले गेले. त्यांची आठवण क्वचितच निघते.

मोठ्या फळीचा वाद : १२ व्या गटाचे प्रमुख ट्रॅफर्ड ली-मॅलरी आणि डक्सफर्डचे डग्लस बेडर यांचे म्हणणे असे, की तीन ते पाच स्क्वॉड्रनांची फळी बांधून एकदम तुटून पडावे. पार्क एक-दोन स्क्वॉड्रने लगोलग पाठवीत. फळी जमायला वेळ लागे आणि पार्क यांच्या गटाला तो वेळ मिळण्यासारखा नव्हता. पुराव्याचा कल पार्क यांच्या बाजूने आहे. १७ ऑक्टोबरच्या हवाई मंत्रालयातील बैठकीत मात्र ली-मॅलरींची सरशी झाली. नोव्हेंबरात डाउडिंग व डिसेंबरात पार्क यांना पदावरून दूर करण्यात आले.

मूल्यमापन : या लढाईने ब्रिटनवरील स्वारी टळली, हे रूढ मत आहे. दुसरे मत असे, की नॉर्वेच्या मोहिमेत दहा विनाशिका एकट्या नार्व्हिकला गमावलेल्या जर्मन नौदलाला ब्रिटिश आरमारापुढे खाडी ओलांडता आलीच नसती. हा आक्षेप वजनदार आहे. तरी हवाई प्रभुत्वाशिवाय स्वारी नाही, ही जर्मन नौदलाचीच अट होती आणि ती पुरी झाली नाही.

हिंदुस्थानशी संबंध : वॉर्मवेल तळावरून स्पिटफायर घेऊन लढलेले १५२ क्रमांकाचे स्क्वॉड्रन ‘हैदराबाद’ या नावाने ओळखले जाई. त्याच्यासाठी निजामाने पैसा दिला होता, म्हणजे त्यात मराठवाड्याच्या महसुलाचाही काही अंश असणार. बडोद्याच्या गायकवाडांच्या देणगीवरून नाव मिळालेले १२४ वे आणि ‘सिटी ऑफ बॉम्बे’ हे १३२ वे स्क्वॉड्रन ही १९४१ मधील, म्हणजे लढाईनंतरची. २४ हिंदी वैमानिकांची तुकडी १९४० च्या शरदात इंग्लंडला पोहोचली, तोवर लढाईचा भर ओसरला होता.

राजकीय परिणाम अधिक दूरगामी होते. जुलैमध्ये गांधीजींनी ‘हरिजन’मधून इंग्रजांना शस्त्रे खाली ठेवून अहिंसेने हिटलरचा सामना करण्याचे आवाहन केले. काँग्रेसच्या कार्यकारिणीला ही भूमिका परचक्राच्या बाबतीत पूर्णपणे मान्य नव्हती. हंगामी राष्ट्रीय सरकार मिळाल्यास संरक्षणात सहकार्य देण्याच्या ठरावावर जुलैअखेर पुण्यात भरलेल्या काँग्रेसच्या महासमितीने शिक्कामोर्तब केले. व्हाइसरॉय लिनलिथगो यांच्या ८ ऑगस्टच्या देकाराने ती आशा फोल ठरली. सप्टेंबरच्या मध्यास, लंडनवर दिवसाचे हल्ले ऐन भरात असताना, मुंबईत भरलेल्या महासमितीने पुण्याचा प्रस्ताव मागे घेऊन नेतृत्व पुन्हा गांधीजींकडे सोपवले आणि १७ ऑक्टोबर १९४० रोजी पवनार येथे विनोबा भावे यांच्या युद्धविरोधी भाषणाने वैयक्तिक सत्याग्रहास आरंभ झाला.